उर्सुलाची पहिली मुलाखत

उर्सुला ब्रांट मूळची जर्मनीतल्या ब्रेमेनची. एकोणीस वर्षं ती ग्लासगोत दुसऱ्यांच्या डॉक्युमेंटरी एडिट करत होती. त्यातली शेवटची चार वर्षं मी तिची असिस्टंट होते. "ऋजुता, डायरेक्टरला माणसं सांभाळावी लागतात, हवामान सांभाळावं लागतं," ती म्हणायची. "आपल्याला काही बोलावं लागत नाही, हे किती बरं!"

२००५च्या मार्चमध्ये आमचा डायरेक्टर कॅलम जिन्यावरून पडला आणि त्याचा पाय मोडला. सत्तरच्या दशकात भारतातून आलेल्या डॉक्टरांवरची फिल्म होती. एकच मुलाखत राहिली होती. प्रोड्यूसर म्हणाली, "फिल्ममध्ये काय कमी आहे ते उर्सुलालाच माहीत. तीच जाईल."

उर्सुला इतकी घाबरली, की तिने मलाही सोबत नेलं.

डॉ. वैजयंती सबनीस नागपूरच्या. भूलतज्ज्ञ म्हणून निवृत्त झालेल्या. उर्सुलाने कागदावरचे चार प्रश्न वाचले, बाईंनी चार गुळगुळीत उत्तरं दिली. हॉस्पिटल चांगलं होतं, लोक चांगले होते. प्रश्न संपले. कॅमेरामन 'कट' ऐकायला थांबला होता, पण उर्सुलाच्या तोंडून शब्द फुटेना. कॅमेरा चालूच राहिला.

शेवटी बाईंनी मला मराठीत विचारलं, "अगं, ही काही विचारणार आहे, की नुसती बघतच बसणार?"

"काकू, पहिलाच दिवस आहे तिचा."

"हो का?" बाई खुदकन हसल्या. "माझ्या पहिल्या आठवड्याची तर गंमतच झाली." मग उर्सुलाकडे वळून त्या इंग्रजीत सांगू लागल्या. ऑपरेशन टेबलावर एक म्हातारी भीतीने थरथरत होती. भूल देताना तिने दहापर्यंत आकडे मोजायचे होते, पण एकही आकडा तिला आठवेना. "तूच मोज, पोरी, तुझ्या भाषेत," ती म्हणाली. बाईंनी तिचा हात धरला आणि एक, दोन, तीन सुरू केलं. सहाला तिचा डोळा लागला.

"पुढे सत्तावीस वर्षं मी प्रत्येक पेशंटला विचारायचे, मराठीत मोजू का? बहुतेक हो म्हणायचे."

प्लास्टरमधला पाय स्टुलावर ठेवून कॅलमने ते फुटेज पाहिलं. "हा भाग तुझ्या नावावर जाणार," तो उर्सुलाला म्हणाला. ती नको नको म्हणत राहिली, पण त्याने ऐकलं नाही.

ते नाव बघूनच दोन वर्षांनी एका चॅनेलने तिला स्वतःची फिल्म दिली. क्लाइड नदीच्या फेरीबोटीवर काम करणाऱ्या दोन बहिणींची. एडिटिंग माझ्याकडे आलं. सुरुवातीचा धुक्याचा शॉट मी काढून टाकला.

"ऋजुता! त्या धुक्यासाठी मी तीन तास थंडीत उभी होते!"

"माहितीये. पण त्याच्यामुळे बहिणी फार उशिरा येतात."

कोट उचलून ती तरातरा निघून गेली. पाऊण तासाने परत आली ती खायला दोन गरम रोल घेऊन. धुक्यासकट आणि धुक्याशिवाय, दोन्ही प्रकार तिने पुन्हा पुन्हा पाहिले.

"तुझंच राहू दे," ती म्हणाली. "कॅलम माझ्यावर का चिडायचा, ते आज कळलं."

२००९पर्यंत तिने आणखी दोन फिल्म केल्या. दोन्ही मीच एडिट केल्या, आणि दोन्ही वेळा आम्ही मनसोक्त भांडलो.