शेरीसचा आकडा

डोरीन प्रुइटने पेनाचं टोपण चावून चावून चपटं केलं, तरी जज हॅलोरन यांचा पत्ता नव्हता. ती उठली, कोर्टाच्या खिडकीशी गेली, खाली बर्फात रुतलेल्या गाड्यांकडे बघितलं आणि काहीच न दिसल्यासारखी परत टेबलाशी आली. टेबलावर तिचा अर्ज होता. अख्खा हिवाळा तिने त्या अर्जात घातला होता.

"जमीन झिजेल गं, बस जरा," सरकारी वकील टॉड बेकविथ डोनट खाता खाता म्हणाला. कोर्टात रोज भांडायचं आणि जेवणाच्या सुट्टीत एकाच टेबलावर कॉफी प्यायची, अशी या दोघांची जुनी रीत होती.

"तू खा. आज तुझं ते लाडकं यंत्र मी मोडीत काढणार आहे."

"काढ की! मग उद्यापासून आपण सगळे चेहरे बघून अंदाज बांधत बसू."

ज्यांना वकील परवडत नाही त्यांच्यासाठी काउंटी, म्हणजे तिथलं जिल्हा प्रशासन, वकील देते, त्यांतली डोरीन एक. पण अलीकडे तिचं भांडण माणसांशी कमी आणि त्या यंत्राशीच जास्त चाले. अटक झालेल्याची माहिती आत घातली की ते एक ते दहामधला एक आकडा सांगे. हा सुटला तर तारखेला परत येईल का, पुन्हा काही उद्योग करील का, हे म्हणे त्या आकड्यावरून कळायचं. आकडा लहान निघाला की माणूस घरी, मोठा निघाला की तुरुंगात. आकडा काढला कशावरून, असं विचारलं तर कंपनीचं उत्तर ठरलेलं होतं, ते आमचं व्यावसायिक गुपित आहे. डोरीनच्या डोक्यात तिडीक जायची ती इथे. जजलासुद्धा निकालाची कारणं द्यावी लागतात, मग याला का नाही?

तुरुंगातून आणलेल्यांना ज्यूरीच्या रिकाम्या खुर्च्यांवर बसवलं होतं. पहिल्याच खुर्चीत नारिंगी कपड्यांत शेरीस गिबन्स होती. लायसन रद्द झालेलं असताना तिने गाडी चालवली, एवढाच तिचा गुन्हा. पण आधीच्या दोन तारखांना ती हजर राहिली नव्हती, म्हणून यंत्राने तिला आठचा आकडा दिला होता. तिची मुलगी शेजारणीकडे होती. शेजारणीची आज संध्याकाळपासून रात्रपाळी सुरू होणार होती, आणि तोवर आई घरी पोचली नाही तर मुलीला काउंटीची माणसं घेऊन जाणार होती.

डोरीन तिच्यापाशी गेली.

"वकीलबाई, आज सुटेन ना मी?"

"त्यासाठीच तर हा सगळा खटाटोप चाललाय."

"मी म्हणते, त्यांना जरा सांगाल का, की पहिल्या वेळी..."

"सगळं आहे अर्जात. तू काळजी करू नकोस," डोरीन म्हणाली आणि सुरुवातीचं वाक्य मनात घोळवत परत फिरली.

जज हॅलोरन आले, बसले, चष्मा पुसला.

"आधी सोपं ते उरकून घेऊ. मिस प्रुइट यांचं भाषण नंतर ऐकू, ते लांबणार आहे."

सोपं म्हणजे एलाय नोव्होत्नी. घरांची छपरं घालणारा तरुण पोरगा, आणि तोही डोरीनचाच अशील. कामावरून काढलं म्हणून त्याने मालकाच्या ट्रकची काच फोडली होती. त्याचा आकडा होता दोन. सकाळी भेटला तेव्हा स्वारी भलतीच खुशीत होती. "मॅडम, मशीन म्हणतंय मी साधा माणूस आहे. माझी आईसुद्धा असं म्हणत नाही!"

टॉडने बोटांवरची साखर झटकली आणि तो उभा राहिला.

"जजसाहेब, याला सोडायला सरकारचा विरोध आहे. हा दोनचा आकडा भरवशाचा नाही."

डोरीनने झटकन मान वर केली.

"काच फोडल्यावर आरोपीने मालकाच्या फोनवर निरोप रेकॉर्ड करून ठेवला. तो निरोप यंत्राने ऐकलेलाच नाही. यंत्र वय बघतं, पत्ता बघतं, चुकलेल्या तारखा बघतं, माणूस बघत नाही. आणि हे मी म्हणत नाही बरं का. मिस प्रुइट यांनीच आजच्या अर्जात लिहिलंय, आणि फार छान लिहिलंय."

त्याने तिची वाक्यं वाचून दाखवली. जिथे थांबायचं असं तिने ठरवलं होतं, नेमका तिथेच तो थांबला. 

तो निरोप तिने ऐकला होता. एलाय त्यात ओरडला नव्हता. एखाद्याला कामाची वेळ कळवावी तशा आवाजात तो म्हणाला होता, तू झोपलास की तुझं गॅरेज पेटेल. तिला खरी भीती त्या शांतपणाची वाटली होती. तो मालक आज शेवटच्या बाकावर टोपी हातात धरून बसला होता.

"मिस प्रुइट?" जजनी विचारलं.

"जजसाहेब, आकडा घटकाभर बाजूला ठेवू. या मुलाकडे बघा. आईजवळ राहतो, कष्टाळू आहे, आजवर एकही..."

"मुलाकडेच बघतोय मी. तो निरोपही ऐकलाय. आकडा बाजूला ठेवलात तर मी याला आत ठेवणार. धरलात तर काउंटीच्या नियमाप्रमाणे मला याला सोडावं लागेल. आता तुम्हीच सांगा, आकडा धरू की बाजूला ठेवू?"

एका बाजूने एलाय तिच्याकडे बघत होता, दुसऱ्या बाजूने शेरीस. दोघंही तिचीच माणसं. पण या क्षणी शेजारी उभा होता तो एलाय, आणि शेजारी उभा असेल त्याच्यासाठी बोलायचं ही वकिलीतली पहिली शिकवण. तिला टॉडचा राग आला, जजचा आला आणि सगळ्यात जास्त स्वतःचा आला. हे असं होणार हे आपल्याला आधी कसं सुचलं नाही?

"धरा," ती म्हणाली.

मग ती बोलत राहिली. हजारो खटल्यांची माहिती घालून हे यंत्र तयार केलंय, एकट्यादुकट्याच्या अंदाजापेक्षा ते बरं, काउंटीने ते विचार करूनच स्वीकारलं आहे. गेल्या वर्षी यंत्राच्या बाजूने टॉडने जे जे मांडलं होतं ते सगळं तिच्या तोंडून निघालं, आणि तिने ते त्याच्यापेक्षा चांगलं मांडलं.

एलाय सुटला. "मशीनला थँक्यू सांगा हं," असं म्हणून तो हसत बाहेर पडला. मालक उठला, त्याने डोरीनकडे एकदा बघितलं आणि तो दुसऱ्या दाराने घाईघाईने निघून गेला.

मग शेरीसचं नाव पुकारलं. शिपायाने तिला डोरीनच्या शेजारी आणून उभं केलं.

"जजसाहेब, मला पुढची तारीख..." डोरीन म्हणू लागली.

"नको!" शेरीस जवळजवळ ओरडली. "संध्याकाळपर्यंत पोचायचंय मला!"

टॉड सावकाश उठला.

"मिस प्रुइट मघाशी जे म्हणाल्या त्याच्याशी सरकार पूर्णपणे सहमत आहे. आकडा धरावा."

मागे कुणीतरी फिसकन हसलं. डोरीनला टेबलाखाली शिरावंसं वाटलं. शेरीस तिच्याकडे झुकली.

"त्या पोरासाठी बोललात ना, तसंच माझ्यासाठी बोला," ती हळूच म्हणाली. "तुम्हाला खरं काय वाटतं ते राहू दे. मला घरी जायचंय."

डोरीन बोलली. हा आकडा धरू नका, तो कसा निघतो हे कुणालाच माहीत नाही, अशा आकड्यावरून माणसाला कोंडून ठेवता येत नाही. आवाज मघासारखाच ठाम होता. कोर्टाची टायपिस्ट निमूटपणे तेही टाइप करत होती.

जज हॅलोरन यांनी चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"तुम्ही दोघांनी मिळून एकाच सकाळी हा आकडा खराही करून दाखवलात आणि खोटाही," ते म्हणाले. "ठीक आहे. या प्रकरणात मी तो बाजूला ठेवतो."

डोरीन मनात म्हणाली, जिंकलो! टॉडने डोळे मिटून घेतले.

"पण मग माझ्यापुढे दुसरं काहीतरी हवं," जज म्हणाले. "या बाईंबद्दल सांगा मला. तारखा का चुकल्या?"

डोरीनने अर्जाची पानं उलटली. त्यात कंपनी होती, प्राध्यापकांची मतं होती, इतर राज्यांतले निकाल होते.

"बर्फामुळे बस... बस बंद होती, जजसाहेब."

"दोन्ही वेळा?"

"त्यांना एक लहान मुलगी आहे."

"नाव काय तिचं? शाळेत कुठे जाते? या बाई कामावर असताना तिला सांभाळतं कोण?"

डोरीनने पुन्हा अर्जाकडे बघितलं; त्यात यातलं काहीच नव्हतं. हिवाळाभर ती तुरुंगात काचेपलीकडच्या शेरीसला भेटत होती, आणि दर वेळी तिने एवढंच विचारलं होतं की यंत्रासाठी तुला काय काय विचारलं आणि तू काय उत्तर दिलंस. ऑफिसात सगळे या प्रकरणाला 'आठवाली केस' म्हणत. हे नाव तिनेच पाडलं होतं. तिला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

"टेसा," शेजारून आवाज आला. "माझी मुलगी टेसा. पहिलीत आहे."

शिपाई तिला गप्प करायला पुढे सरकला, पण जजनी हात वर करून त्याला थांबवलं.

"इकडे नीट ऐकू येत नाहीये, बाई. मायक्रोफोनवर बोला."

शेरीसचे हात कमरेच्या साखळीला बांधलेले होते. डोरीनने मायक्रोफोन उचलला आणि तिच्या तोंडाशी धरला.