हळदीखालचा मिलो

लग्नाच्या मांडवात माझी विहीण आक्काबाई चारचौघींत बोलली होती, “दुष्काळ असू द्या, आमच्या घरात मिलो शिरत न्हाई.” मिलो म्हणजे रेशनची ती परदेशी लाल ज्वारी. मलाही राहवलं नाही. “आमच्यात बी न्हाई!”

आज ती खर्ड्याहून मिरजगावला आली, माझ्या लेकीला सासरी न्यायला. विहिणीला भाताशिवाय ताट वाढायचं कसं? आणि घरात तांदळाचा दाणा नव्हता. शेवटी मिलोच भरडला, कण्या मसालेभातासारख्या फोडणीला टाकल्या आणि लाल रंग बुजावा म्हणून मूठभर हळद घातली. तर मेलं केशरी झालं!

वर शेंगदाणे पेरून मी ताट पुढं ठेवलं. आक्काबाईनं पहिला घास सावकाश चावला. ताटाकडं बघितलं, मग माझ्याकडं. आता ही माझ्या लेकीला जन्मभर टोमणे मारणार.

लेक पाण्याचा तांब्या आणायला आत गेली, तशी आक्काबाई माझ्याजवळ सरकली.

“विहीणबाई,” ती हळूच म्हणाली, “हळदीनं लाली लपत न्हाई. काळा मसाला टाकत जावा.”