पुठ्ठ्यामागची चिठ्ठी

मित्रांनो, मी जामनेर तालुक्यातल्या एका लहानशा वाचनालयातली भारताच्या संविधानाची जुनी प्रत आहे. कोणी माझं वय विचारलं तर मी गोंधळून जाते, कारण माझी पानं पन्नाशीला टेकली आहेत आणि त्यांवरच्या काही चिठ्ठ्या अजून पंचविशीतच आहेत.

या चिठ्ठ्या लावल्या जुने ग्रंथपाल रुपचंदनाना यांनी. संसदेच्या दोन्ही सभागृहांनी दोन-तृतीयांश मतांनी बदल मंजूर करायचा, काही बदलांना निम्म्या राज्यांनीही होकार द्यायचा, मग राष्ट्रपतींची सही व्हायची. एवढं सगळं झालं की नाना राजपत्रातला नवा मजकूर सुवाच्य अक्षरात उतरवून घेत, मैद्याची खळ शिजवत आणि तो माझ्या जुन्या ओळींवर चिकटवत. मतदाराचं वय एकविसाचं अठरा झालं ते असंच. मला वाईट वाटे. काल जे छातीठोकपणे सांगितलं ते आज चिठ्ठीखाली गेलं, मग काल मी खोटी होते का?

शहाऐंशीव्या दुरुस्तीने तर माझी मतीच गुंग केली. २००२ साली ती मंजूर झाली, सहीही झाली, पण लागू कधी होणार ते सरकार नंतर कळवणार होतं. मग मी बदलले होते की नव्हते? नानांनाही ठरवता येईना. त्यांनी चिठ्ठी लिहून पाकिटात घातली, पाकीट माझ्या मागच्या पुठ्ठ्याला आतून लावलं आणि वर पेन्सिलीने लिहिलं, ‘लागू झाल्यावर चिकटवणे.’ पुढच्या वर्षी ते निवृत्त झाले. ती तारीख आली २०१० साली. मला मात्र कोणी काही सांगितलं नाही. दरवर्षी संविधान दिनाला मला पाटावर ठेवून हार घालत, पण उघडत कोणी नसे.

परवा भागाबाई आपल्या मुलाला, नवलला, ओढतच घेऊन आल्या. कापूस वेचणीला मजूर मिळेना म्हणून त्याने आपल्या बारा वर्षांच्या मुलीची, डिंपलची, शाळा बंद केली होती. हल्लीच्या ग्रंथपाल नूतनताईंनी त्याला मोबाइलवर कायदा दाखवला. तो बधेना.

"मोबाइलमधी कायबी दिसते. पुस्तकात लिखेल दाखवा, उद्याच पोरीले शाळेत धाडतो."

ताईंनी मला मोठ्या विश्वासाने उघडलं. नवलने बोट ठेवून वाचलं. चौदा वर्षांपर्यंतच्या मुलांना शिक्षण देण्याचा राज्य ‘प्रयत्न करील’.

"प्रयत्न करील. हक्क कोठी लिखेल हाये?" असं म्हणून तो उठला.

लाजेने मी अर्धमेली झाले. खरं माझ्याच पाठीशी होतं आणि तोंडाने मी जुनं बोलत होते. भागाबाईंना वाचता येत नाही, पण हाताला कळतं. मला मिटताना त्यांचा हात मागच्या पुठ्ठ्यावर थबकला.

"ताई, याच्या पाठीत काय फुगेल हाये?"

पाकीट निघालं. ताईंनी तारीख पडताळली, चहाच्या स्टोव्हवर खळ शिजवली आणि नवलच्या देखत चिठ्ठी लावली. मग त्यालाच वाचायला सांगितलं. सहा ते चौदा वर्षांच्या सर्व बालकांना मोफत व सक्तीचं शिक्षण, हा मूलभूत हक्क. त्याखाली नानांनी आणखी एक ओळ लिहिली होती. पाल्याला शिक्षणाची संधी देणं हे आईबापाचं कर्तव्य. तिथे नवलचा आवाज बारीक झाला.

भागाबाई म्हणाल्या, "म्हंजे सरकारच्याच नही, तुह्याबी नावानं लिखेल हाये."

ओल्या चिठ्ठीचा सुटलेला कोपरा नवलने अंगठ्याने दाबून बसवला. दुसऱ्या दिवशी कपाटाच्या काचेतून मला डिंपल दिसली. पाठीवर दप्तर होतं.

तरी माझा गोंधळ मिटलेला नाही. त्या चिठ्ठीनंतरही किती बदल झाले असतील, मला काय माहीत? मित्रांनो, मला हार नको. वर्षातून एकदा तेवढी खळ शिजवा.