पाच महिन्यांचं अंतर

स्पंजाच्या मधोमध खड्डा पडला होता — बोटभर, ओला, कडेला शाईचा निळसर डाग — आणि चष्मेवाल्या बाई कागद उलटताना दर वेळी त्यात बोट बुडवत होत्या, आणि टेबलासमोर बसलेल्या तिच्या मनात एवढंच येत होतं की हा स्पंज वाळत टाकायला हवा, असा ओला राहिला की कुबट वास मारतो. दुसरं काही मनात येत नव्हतं. यायला हवं होतं. मुलांच्या सरकारी विम्याचं आज काय ते ठरणार होतं, धाकट्याच्या कानाचं ऑपरेशन त्यावर अडलं होतं, आणि ही बसली होती स्पंजाची काळजी वाहत. पण हल्ली असंच चाललं होतं. लाँड्रीत यंत्रातून गरम चादरी ओढून ओढून बोटांची टोकं निबर झाली होती, तसंच आतही काहीतरी झालं असावं... चटका बसला तरी तो दुसऱ्याच कुणाला बसल्यासारखा वाटायचा.

"हा अर्ज तुम्हीच भरलात?"

"हो."

"दोन मुलं. दोन्ही तुमचीच?"

"माझीच."

बाईंनी चष्मा नाकावर खाली ओढला. "थोरलीत आणि धाकट्यात पाच महिन्यांचं अंतर आहे. हे कसं जमवलंत तेवढं सांगा, मलाही कळू दे."

शेजारच्या टेबलावरचा कारकून फिस्सकन हसला. तीही हसली असती, एरवी. अगं बाई, खरंच की! तारखा तिने स्वतःच्या हाताने, एकीखाली एक, लिहिल्या होत्या आणि तिला काही म्हणता काही वाटलं नव्हतं. गल्लीत दोघांना जुळीच म्हणतात, शाळेत एका बाकावर बसतात, एकाला खोकला झाला की औषध दोघांना पाजायचं — या घरात मुलं मोजायची म्हणजे दोन, त्यात कोण कुणाच्या पोटचं हे कुणी काढतच नाही, नवरासुद्धा नाही.

"धाकटा बहिणीचा," ती म्हणाली. "पण दोघं माझ्याच अंगावर प्यायलीत."

"त्याला आमच्याकडे रकाना नाही हो," बाई म्हणाल्या, आणि मग आवाज जरा उतरवून, "बहीण कुठे असते?"

कुठे असते... चादरीची घडी घालायला दोघी लागतात. एकीने दोन टोकं धरायची, दुसरीने दोन, एक झटका द्यायचा आणि चालत एकमेकींकडे यायचं, टोकाला टोक देऊन पुन्हा मागे — दिवसभर बहीण अशी जवळ यायची आणि लांब जायची, आणि जवळ आली की तेवढ्यात मुकादमाच्या टकलावर काहीतरी चावट बोलून घ्यायची. हिचं पोट पुढे आलं आणि बहिणीचंही दिसू लागलं तेव्हा टोकं जुळेनात. ताई, आता आपल्याला चादरी नकोत, तंबूच द्यायला सांग, म्हणाली होती, आणि दोघी हसून हसून चादरीसकट खाली बसल्या होत्या. मग तो झाला. तिला दूध आलं नाही, त्याचा बाप तर आधीच तोंड काळं करून गेलेला. एके दिवशी म्हणाली, लांब काम मिळतंय, बस्तान बसलं की नेते त्याला. नेते, असं म्हणाली. आधी पैसे आणि फोन यायचे, नंतर नुसते फोन, आणि आता वर्ष उलटून गेलं, नंबर बंद.

"लांब," ती म्हणाली. "कामाला."

"पत्ता?"

तिने मान हलवली.

"मग इथंच घोडं पेंड खातंय बघा. तिची सही हवी. नाहीतर तुम्ही लेखी द्यायचं, की आई मुलाला टाकून गेली. मग तुम्ही पालक, कार्ड महिन्याभरात येईल, ऑपरेशन करून घ्या. पण नीट ऐका. हे एकदा नोंदलं गेलं की उद्या ती आली आणि म्हणाली, चल रे, तर तिला तो असा नेता येणार नाही. कोर्टात जावं लागेल."

टाकून गेली. टाकतात ते शिळं, टाकतात ते फाटकं... सख्ख्या बहिणीबद्दल असं लिहायचं? ती आली आणि तिने हे वाचलं तर? डॉक्टरांनी साफ सांगितलं होतं, उजवा गेलाच म्हणून समजा, डावा अजून हाताशी आहे, पण उशीर करू नका. घरात सगळे ओरडूनच बोलतात. शेजारच्यांना वाटतं यांची रोज भांडणं होतात. थोरली तर त्याच्या डाव्या कानाला तोंड लावून सबंध वर्गाची बातमी सांगते. मध्यंतरी त्याने विचारलं होतं, आई, तू आता गाणं म्हणत नाहीस का गं? — आणि ती तेव्हा म्हणतच होती, त्याच्या उशाशी बसून. तेव्हाही ती रडली नव्हती. आवाज वाढवून पहिल्यापासून म्हटलं होतं, एवढंच.

"लिहा," ती म्हणाली. "टाकून गेली म्हणून लिहा."

बाईंनी लिहायला घेतलं. ती वाट बघत राहिली, आता पोटात काहीतरी तुटेल, हात थरथरतील, निदान तोंडाला कोरड पडेल. काही झालं नाही. पंखा फिरत होता. कारकून डबा उघडत होता.

"बहीण परत येण्याची काही शक्य—"

"नाही."

बाईंनी मान वर केली. प्रश्न पुरा झालाच नव्हता. नाही, हे इतक्या झटकन कोण बोललं? कुणी डब्यावर झडप घालावी तसं. तिने इकडेतिकडे बघितलंसुद्धा.

"बरं," बाई म्हणाल्या. "इथे सही करा."

बाहेर ऊन मी म्हणत होतं. लाँड्रीतल्या पाळीला अजून वेळ होता. पायऱ्यांच्या कडेला सावलीत उभी राहून तिने फोन काढला, कारण शुक्रवार होता आणि शुक्रवारी जेवणाच्या सुट्टीत बहिणीचा नंबर लावून बघायचा, नाही लागला तर नाही लागला, पण लावायचा, हा तिचा नेम होता. एकदा लागू दे, एकदाच लागू दे, असं पुटपुटत लावायचा. सांगावं तिला, बाई गं, तुझ्या लेकराच्या कानासाठी असं असं करावं लागलं, रागावू नकोस, तू ये, मी कोर्टात सांगेन, मीच खोटं लिहिलं म्हणून... कानाशी फोन धरून ती उभी राहिली. पलीकडे अजून काहीच नव्हतं, नुसती ती खरखर, रेकॉर्डवरची बाई बोलायच्या आधीची. आणि तेवढ्यात तिला ऐकू आलं, ओठ पुटपुटत होते, नेहमीसारखेच, पण म्हणत होते, लागू नये, देवा, लागू नये.

नंबर बंद असल्याचं त्या बाईने नेहमीच्याच गोड आवाजात सांगितलं.

हायसं वाटलं. कितीतरी दिवसांनी काहीतरी वाटलं, आणि ते हे. मला हायसं वाटलं. माझी बहीण कुठे आहे, जेवते की नाही, आहे की नाही, ठाऊक नाही, आणि मी इथे सावलीत उभी राहून सुटकेचा श्वास टाकते आहे, कारण आता तो माझा आहे... फोन कानावरच होता. ती बाई पुन्हा पहिल्यापासून सांगू लागली होती, आणि हिला फोन खाली घेववेना.