कुलगुरूंच्या कळ्या

कुलगुरूबाईंनी चिमट्याच्या टोकाने टोमॅटोच्या कळीच्या पाकळ्या बाजूला सारल्या आणि आतला परागकोश अलगद उचलून काढला. एकही पाकळी फाटली नाही, म्हणून बाई स्वतःवरच खूश झाल्या.

"काय गं, जमतंय ना अजून?"

"जमणारच की, मॅडम," विभागप्रमुख म्हणाली.

ही विभागप्रमुख त्यांचीच विद्यार्थिनी. शिकत असताना फार घाई करायची, म्हणून बाईंनी तिचं नाव 'धांदल' ठेवलं होतं. ते असं चिकटलं की अख्खा विभाग पाठीमागे अजून तेच म्हणतो.

बाईंची मुदत या महिन्यात संपत होती. पुन्हा पद घ्या, असा वरून आग्रह होता आणि आज संध्याकाळपर्यंत उत्तर द्यायचं होतं. त्यांचं उत्तर ठरलेलं होतं: नको. इतकी वर्षं संप मिटवले, इमारतींच्या फिती कापल्या, एकमेकांचं तोंड न पाहणाऱ्या प्राध्यापकांना एका टेबलाशी बसवलं. जीव मात्र आपल्या जुन्या लॅबच्या या काचघरातच अडकलेला होता. आता परत यायचं आणि उरलेली वर्षं झाडांपाशी काढायची. नवराही खूश होता. घरात आता विषयपत्रिकेशिवाय बोलता येईल, असं तो चारचौघांत सांगत सुटला होता.

बाई रंगात आल्या. कळीतला परागकोश काढायचा, मधल्या कुक्षीवर, म्हणजे स्त्रीकेसराच्या टोकावर, दुसऱ्या जातीचे पराग ब्रशने टेकवायचे, की संकराचं काम झालं. वर कागदी पिशवी आणि देठाला लेबल बांधायचं काम धांदलकडे होतं. चार कळ्या झाल्या. पाचवीचा परागकोश काढून बाईंनी सहज भिंग डोळ्याला लावलं आणि त्या थबकल्या. ब्रश अजून लावलाही नव्हता, तरी कुक्षीवर पिवळी धूळ होती.

कळ्या उशिराच्या निघाल्या. पाकळ्या फिकट असतानाच कळी धरावी लागते. त्या पिवळ्या झाल्या की फूल आतल्या आत स्वतःचेच पराग स्वतःवर सांडून मोकळं होतं; मग वरून कुणाचेही लावा, संकराची खात्री उरत नाही. पहिल्या वर्षाच्या मुलांना हे बाईच शिकवायच्या. शिकवायच्या कसल्या, दरडावायच्या! संशय आला की तोड, हा त्यांचा खाक्या. धांदलचं अख्ख्या सकाळचं काम त्यांनी एकदा तिच्यादेखत कचऱ्यात टाकलं होतं, आणि ती रडायला लागल्यावर तिथेच उभं राहून तिच्याकडून सगळं पुन्हा करून घेतलं होतं.

बाईंनी मान वर केली. धांदलची नजर त्याच कळीवर होती. तिला दिसलं होतं. बहुधा पहिल्या कळीपासून दिसत होतं. तिने तोंड उघडलं आणि मिटलं.

बाई थांबल्या. बोल, अगं बोल ना, हवं तर ओरड माझ्यावर, असं त्यांना अगदी आतून वाटत होतं. धांदल लेबलाचा दोरा सरळ करत राहिली. शेवटी बाईंनी ब्रश कुक्षीवर टेकवला.

"कशी वाटते ही?"

"छान झाली, मॅडम," धांदल म्हणाली आणि तिने पिशवी चढवून गाठ मारली.

बाहेर गाडी उभी होती. बाई बसल्या. गाडी काचघराला वळसा घालून निघाली तेव्हा त्यांना आतलं दिसलं. धांदल बांधलेल्या पिशव्या सोडत होती आणि एकेक कळी खुडून पायाशी टाकत होती. सावकाश, जराही न गडबडता. बाईंना आधी बरंच वाटलं. ऊर भरून आला म्हटलं तरी चालेल. शिकवलेलं वाया गेलं नव्हतं. मग लक्षात आलं, आपल्या तोंडावर मात्र ती 'छान झाली' म्हणाली होती.

फाटकाशी गाडी थांबली तेव्हा त्यांनी नवऱ्याला फोन लावला.

"अहो, मी त्यांना हो कळवतेय."

"अगं, पण तुझी लॅब?"

"लॅब चांगली चाललीये," बाई म्हणाल्या.