धुऱ्याखालचा कोळसा

आमच्या संसारात मला सवत आहे आणि तिचं नाव रोम. माझे यजमान विजयकुमार वसमतला कॉलेजात इतिहास शिकवतात आणि जीव टाकतात तो रोमन लोकांच्या आफ्रिका प्रांतावर. लग्नानंतर मला महाबळेश्वर काही दाखवलं नाही, पण ट्युनिशियातला एकेक ओढा मला पाठ आहे.

तिथल्या एका शेतात रोमन काळातला हद्दीचा दगड उभा आहे. त्यावरून विद्वानांनी नकाशे काढले. यांनी लेख लिहून सांगितलं, की दगड मूळ जागी नाहीच, कुण्या शेतकऱ्याने तो सरकवलाय. हे सुचलं आमच्या हट्टा गावच्या शेताच्या धुऱ्यावरून, म्हणजे बांधावरून. शेजारच्या रूपसिंगने दगड सरकवून आमची जमीन खाल्ली, असं माझे सासरे ग्यानबा जन्मभर सांगत आले. लेखाची सुरुवातच त्या गोष्टीने होती, रूपसिंगच्या नावासकट.

रोमन मोजणीदार हद्दीच्या दगडाखाली कोळसा पुरत. आमच्याकडची जुनी माणसंही पुरायची, कारण दगड हलवता येतो, खाली पुरलेला कोळसा मूळ जागीच राहतो. लेख वाचून तिकडचे लोक आज दगड उचलून बघणार होते. खाली कोळसा निघाला, की यांची सारी मेहनत पाण्यात आणि वर जगभर हसं.

रविवार होता, आम्ही दोघं आणि मामंजी हट्ट्याच्या शेतात जेवायला बसलो होतो. यांनी भाकरी नुसती कुस्करून ठेवली होती.

"अहो, खा दोन घास. दगड काही पळून जात नाही."

"पळाला असला तरच बरं," हे म्हणाले.

तेवढ्यात फोनवर निरोप आला. यांनी तो वाचला, परत वाचला.

"दगडाखाली नुसती माती. कोळसा दगडापासून लांब, पार वरच्या अंगाला सापडला, सुनिता." मला तर रडूच आलं.

हे मामंजींकडे वळले. "आबा, माझं बराबर निघालं."

मामंजींनी भाकरी खाली ठेवली. "कोळसा इतक्या सालानं बी सापडतो?"

"दोन हजार वर्सांनी सापडला. त्यो सडत न्हाई."

"मग हे गावात बोलू नको."

"काहून?"

"रूपसिंग खंदून पाहील."

"पाहू द्या की. त्याचीच चोरी उघडी पडंल."

धुऱ्याच्या अलीकडे, आमच्याच हळदीत, एका जागी मामंजींची नजर खिळली होती.

यांनी तिकडे पाहिलं आणि फोन खिशात टाकला. लेख रूपसिंगच्या नावासकट केव्हाच छापून आला होता.