ही खुर्ची आहे कशावरून?

मी एक जुनी खुर्ची आहे. मित्रांनो, तुम्हाला हे वाक्य अगदी साधे वाटेल, पण माझ्या वर्गात ते कोणी सहजासहजी चालू दिले नसते. 'जुनी' एकवेळ मान्य झाले असते. 'खुर्ची'वर खल झाला असता, आणि 'आहे' म्हटले की पुढचे तीन महिने त्यातच गेले असते. आता या वयात मी वाद घालत नाही. घडले तसे सांगते.

एका महाविद्यालयाच्या आवारात सुताराची खोली होती, तिथे मी घडले. आम्ही चाळीस जणी होतो, एका लाकडाच्या आणि एका मापाच्या. सुतार अबोल, पण हाताचा पक्का. खुर्ची तयार झाली की तो स्वतः तिच्यावर बसायचा आणि एकदा मागे रेलायचा. ती कुरकुरली नाही, तरच पुढचीला हात लावायचा. माझ्यावर बसलेला तो पहिला माणूस. त्यानंतर कितीतरी वर्षे माझ्यावर कोणीच बसले नाही.

त्याचे कारण आमच्या बाई. बाई तत्त्वमीमांसा शिकवायच्या. जे जे आहे, ते आहे म्हणजे नेमके काय, याचा विचार करणारा तो विषय. पहिल्या तासाला त्यांना उदाहरण हवे होते आणि मी कोपऱ्यात रिकामी उभी होते. त्यांनी मला वर्गासमोर ठेवले आणि विचारले, "ही खुर्ची आहे कशावरून?"

"दिसते की, बाई," एकजण म्हणाला.

"बरं. मग आपण सगळे बाहेर गेलो आणि दार लावून घेतलं, तर?"

तेव्हापासून दरवर्षी पहिला तास माझ्यापासून सुरू होऊ लागला, आणि समोरच्या खुर्चीवर कोणी बसायचे नाही असा नियमच पडला. बाई म्हणायच्या, "बसलात की ती कशाला आहे ते कळतं. तेवढं कळलं की माणूस पुढचं विचारायचं सोडून देतो."

मला सुरुवातीला फार मोठेपणा वाटला. माझ्या बहिणी दिवसभर लोकांची वजने पेलायच्या आणि मी नुसती उभी राहून कौतुक करून घ्यायचे. पण संध्याकाळी वर्ग रिकामा झाला की त्यांच्या गुळगुळीत झालेल्या कडा दिसायच्या, आणि मला त्यांचा हेवा वाटायचा. खोटे कशाला बोलू?

एका वर्षी वर्गात एक मुलगी आली. बाईंनी नेहमीचा प्रश्न विचारला, तर ती म्हणाली, "नाहीच आहे. लाकडाचे कण आहेत, खुर्चीसारखे मांडलेले. खुर्ची नावाची वेगळी वस्तू इथे नाही." वर्ग हसला, बाई हसल्या नाहीत. त्यांनी तिला वर्षभर उत्तरे दिली आणि तिने ती वर्षभर खोडून काढली. सगळे तिला नाहीवाली म्हणू लागले. वाद घालता घालता तिने एकदा मला असे ढकलले की माझा मागचा डावा पाय मोडला.

सुताराने नवा पाय बसवला. मग वर्गात पंधरा दिवस एकच विषय चालला, ही तीच खुर्ची का? बाईंनी शेवटी सुतारालाच विचारले.

"पाय बदलला, बाई. खुर्ची तीच," तो म्हणाला.

"कशावरून?"

"मी ओळखतो ना तिला."

बाईंनी हे वाक्य वहीत लिहून घेतले. पुस्तकी लोकांना ते पुरेसे वाटले नसते, मला पुरले.

पुढे विभागात नवे प्रमुख आले. माणूस हुशार, बोलणे तोलून मापून. त्यांचे म्हणणे असे, की जे तपासून पाहता येत नाही ते विचारण्यात अर्थ नाही, आणि बाईंच्या प्रश्नांना शेंडा ना बुडखा. पहिल्या वर्षी बाईंचे तास निम्मे झाले, दुसऱ्या वर्षी विषयच बंद झाला. समोरच्या इमारतीत ईश्वरशास्त्र शिकवणारे गुरुजी होते. ते बाईंचे सांत्वन करायला आले आणि स्वतःचेच गाऱ्हाणे सांगून गेले. "आमच्याकडे तरी काय वेगळं आहे? कोणता ग्रंथ कधी लिहिला आणि माणसानं कसं वागावं, एवढंच उरलंय. देव आहे म्हणजे काय, हे विचारायची आमच्याच लोकांना लाज वाटते."

मला जिन्याखालच्या अडगळीत ठेवले. ठेवायला बाई स्वतः आल्या होत्या. सुतार सोबत होता. त्या त्याला म्हणाल्या, "तीस वर्षं मी जे विचारत आले, ते विचारण्यासारखं होतं ना रे?" सुताराने माझ्यावर एक पोते पांघरले.

अडगळीत मी अकरा वर्षे होते. दार लावलेले, बघायला कोणी नाही. बाईंच्या बंद दाराच्या प्रश्नाचे उत्तर मला तिथे मिळाले, पण सांगणार कोणाला? ओल मात्र लागली. नव्या पायाचा सांधा सैल झाला.

मग एके सकाळी दार उघडले आणि नाहीवाली आत आली. केस पिकायला लागले होते. ती आता तिथेच शिकवत होती. जगात बऱ्याच ठिकाणी हे प्रश्न पुन्हा विचारले जाऊ लागले होते आणि तिने त्यावरच अभ्यास केला होता. गुरुजी आणि ती मिळून विषय पुन्हा सुरू करणार होते. प्राचार्यांनी एकच तास दिला होता. तासानंतर दहा जणांनी नावे दिली तर विषय राहणार, नाहीतर वर्गाची खोली कार्यालयाला जाणार.

नाहीवालीने मला पुसले आणि वर्गासमोर ठेवले. अकरा खुर्च्या मांडल्या. दहा विद्यार्थ्यांना, एक बाईंना. मला तिने मोजले नाही. उदाहरण कोण मोजतो?

विद्यार्थी आले सव्वीस. खुर्च्या भरल्या, खिडक्यांचे कट्टे भरले, आणि तेवढ्यात काठी टेकत बाई दारात आल्या. कोणी उठायच्या आत शिपाईकाका म्हणाले, "समोर आहे की एक रिकामी."

"ती उदाहरणाची आहे," नाहीवाली म्हणाली.

"पण उदाहरणावर बसलं, तर ते उदाहरण राहतं का?" गुरुजींनी विचारले. झाले. दोघांची जुंपली, पाठोपाठ विद्यार्थ्यांची. वाद रंगात आला आणि ज्यांच्यासाठी सुरू झाला होता त्या बाई तशाच उभ्या. सगळे ऐकून झाल्यावर त्या चालत पुढे आल्या.

मी घाबरले, मित्रांनो. नवा पाय सैल होता. बाई पडल्या असत्या तर सगळा वर्ग त्यावरच संपला असता.

बाई बसल्या. सुतारासारख्या एकदा मागे रेलल्या. मी थोडी कुरकुरले, पण धरून राहिले.

"बाई, नियम तुमचाच होता," नाहीवाली हळूच म्हणाली.

"गुडघे दुखतायत गं," बाई म्हणाल्या. "आता सांग. मी कशावर बसलेय?"

नाहीवाली म्हणाली, "मला अजून माहीत नाही, बाई."

"मग शिकव," बाई म्हणाल्या.

तासानंतर एकोणीस नावे आली. बाईंनी कागद दोनदा वाचला, घडी घालून मांडीवर ठेवला, आणि बराच वेळ माझ्यावरून उठल्या नाहीत.

आता दरवर्षी पहिल्या तासाला मी समोर असते. तुमच्या घरातही एखादी जुनी खुर्ची असेल. ती मुळात आहे तरी कशी, हे तिला एकदा जरूर विचारा. उत्तर लगेच मिळणार नाही. तोवर तिचा सैल झालेला पाय तेवढा घट्ट करून ठेवा. कोणी दमलेले माणूस केव्हाही येते.